कलम १०१ चा दाखला, हायकोर्टातली रिट आणि वकील मॅडमचा अनुभव

जामीनदार म्हणून सही केली आणि आता वसुलीची नोटीस दारात आलीय अशा लोकांसाठी लिहितोय. नावं कुणाचीच घेत नाही, ना संस्थेचं ना वकिलांचं. मित्राचं पतसंस्थेचं कर्ज थकलं, जामीनदार मी, आणि एक दिवस वसुली अधिकारी जप्तीची नोटीस घेऊन थेट घरी. म्हणे सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ चा दाखला, म्हणजे थकबाकी वसुलीचा आदेश, झालाय, तुम्ही सुनावणीला आलाच नाहीत. अहो सुनावणी होती हेच मला माहीत नव्हतं!

पहिल्या वकिलांनी कागद न बघताच सांगितलं, सरळ हायकोर्टात रिट, म्हणजे अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध याचिका, टाकू, स्टे मिळेल. फी घेतली, दोन तारखा गेल्या, आणि बोर्डावर नंबर आला तेव्हा कोर्टाने पहिलंच विचारलं की कलम १५४ ची रिव्हिजन, म्हणजे सहकार खात्यातल्याच वरच्या अधिकाऱ्याकडे फेरतपासणीचा अर्ज, असताना इथे कसे आलात. रिट मागे घ्यावी लागली. पैसे गेले त्यापेक्षा संताप याचा की रिव्हिजनची २ महिन्यांची मुदत या भानगडीत निघून गेली.

मग दुसऱ्या मॅडमकडे गेलो, खरा रिव्ह्यू त्यांचा. पहिल्या भेटीत फीचं बोलल्याच नाहीत, म्हणाल्या आधी दाखला जिथून निघाला त्या सहकार खात्याच्या सहायक निबंधक ऑफिसातून अख्ख्या फाइलच्या सर्टिफाइड कॉप्या काढून आणा, रोजनाम्यासकट (कोणत्या तारखेला काय झालं त्याची नोंद). आणल्या. एकेक पान उलटत एका झेरॉक्सवर बोट ठेवून थांबल्या. नोटिशीचं पाकीट, पत्ता आमच्या जुन्या चाळीचा, त्यावर पोस्टमनचा शेरा 'सदर इसम येथे राहत नाही, परत'. आणि रोजनाम्यात त्याच नोटिशीपुढे लिहिलेलं, 'नोटीस बजावली, गैरहजर'. माझं बचत खातं त्याच संस्थेत आहे आणि पासबुकावर नवीन पत्ता छापलेला आहे! वाचताना हात थरथरत होते माझे.

पण मॅडमनी खोटी आशा दाखवली नाही. व्याज जास्त लावलंय हे हायकोर्ट हिशोब करत बसणार नाही, राज्यघटनेच्या कलम २२६, २२७ खाली (रिट याच कलमांखाली) बघतात ते अधिकाऱ्याला अधिकार होता का, तुमचं ऐकून घेतलं का, आणि निर्णय फाइलमधल्या कागदांना धरून आहे का, हे त्यांनी तेव्हाच स्पष्ट सांगितलं. आणि रिव्हिजनला येणे रकमेच्या ५० टक्के संस्थेत भरावेच लागतात हेही. ६ लाख २० हजारांचे ३ लाख १० हजार, एफडी मोडली. उशीर माफीचा अर्ज मंजूर झाला, पण विभागीय सहनिबंधकांनी रिव्हिजन फेटाळली, ऑर्डरमध्ये त्या पाकिटाचा एक शब्दही नाही. मग पुन्हा रिट, यावेळी रस्ता मोकळा होता. मॅडमनी दहाएक मिनिटांत फक्त पाकीट आणि रोजनामा शेजारी शेजारी ठेवून दाखवले, बाकी काही बोलल्याच नाहीत. दाखला रद्द, प्रकरण नव्याने सुनावणीला परत, तोवर जप्ती नाही. भरलेले पैसे मात्र निकाल लागेपर्यंत संस्थेकडेच.

तक्रार म्हणाल तर मॅडम फोन उचलत नाहीत, तारखा ज्युनियर सांगतो आणि एकदा आदल्या रात्री ११ ला सांगितली, आम्ही कसेबसे पोचलो. टायपिंग, झेरॉक्सचा खर्च वेगळा पडतो पण त्याची पावती देतात.

आणि हो, संस्थेने १०१ ऐवजी कलम ९१ खाली सहकार न्यायालयात दावा केला असेल तर सगळं वेगळं, तिथे अपील सहकार अपील न्यायालयात, तेही २ महिन्यांत. त्यामुळे वकिलाकडे जाण्याआधी ऑर्डरवर कोणतं कलम लिहिलंय ते बघाच.

सध्या सहायक निबंधकांसमोर परत सुनावणी चालू आहे. यावेळी खातेउतारा हातात मिळाला, त्यात मित्राने भरलेले दोन हप्ते जमाच नाहीत. पावत्या त्याच्याकडे होत्या, मागच्या तारखेला मॅडमनी त्या फाइलला लावल्या.