युद्धकैद्यांच्या मतपरिवर्तनावरील अभ्यासवर्ग : मांडणी नेटकी, पण चीनमधील येनान राहिले

सोलापुरातील एका अभ्यासमंडळाने युद्धकैद्यांच्या वैचारिक पुनर्शिक्षणावर सशुल्क अभ्यासवर्ग घेतला. शुल्क दोनशे रुपये होते आणि पहिल्या सत्रापुरते बोलायचे तर ते पुरेपूर वसूल झाले.

या सत्राचा विषय होता अमेरिकेच्या ताब्यातील जर्मन कैदी. छावण्यांत दहशत कट्टर नाझी कैद्यांचीच होती. नोव्हेंबर १९४३ मध्ये ओक्लाहोमातील टोंकावा छावणीत योहानेस कुन्झे या कैद्याला फितुरीच्या संशयावरून त्याच्याच सोबत्यांनी ठार मारले आणि पुढे पाच जण फासावर गेले. त्यानंतर १९४४ मध्ये पुनर्शिक्षणाचा कार्यक्रम सुरू झाला तोही गुपचूप, कारण जर्मनीत अडकलेल्या अमेरिकी सैनिकांवर सूड उगवला जाण्याची धास्ती होती. पळवाट १९२९ च्या जिनिव्हा करारातच सापडली: कैद्यांच्या बौद्धिक करमणुकीला उत्तेजन द्यावे, असे त्याचे सतरावे कलम सांगते. (वाटलेल्या टिपणांच्या झेरॉक्स इतक्या फिकट होत्या की नेमके हे कलम भिंगाखाली धरूनही वाचता येत नव्हते.) मार्च १९४५ पासून कैद्यांनीच लिहिलेले ‘डेर रुफ’ हे पाक्षिक छावण्यांत विकले जाऊ लागले, ते सामान्य शिपायाच्या डोक्यावरून जाते, हा तेव्हाचा आक्षेपही वक्त्यांनी दडवला नाही.

दुसरे सत्र मात्र ब्रिटनमधील विल्टन पार्क या जर्मन कैद्यांच्या शिक्षणकेंद्रावरच आटोपले. डॉ. द्वारकानाथ कोटणीसांच्या गावात, त्यांचे स्मारक भैय्या चौकात असताना, चिनी कम्युनिस्टांचा तळ असलेल्या येनानचे नावही निघू नये, हे खटकले. कोटणीस १९३९ मध्ये येनानला पोहोचले आणि डिसेंबर १९४२ मध्ये मृत्यू येईपर्यंत ज्या चिनी कम्युनिस्ट फौजेच्या, एट्थ रूट आर्मीच्या, जखमींसाठी राबले, तिच्याच आश्रयाने १९४१ मध्ये तेथे जपानी कैद्यांची शाळा निघाली; सान्झो नोसाका हे जपानी कम्युनिस्ट तिचे प्रमुख होते. शत्रूच्या हाती सापडण्यापेक्षा मरण बरे, असे मनावर बिंबवलेल्या शिपायाला आधी औषधपाणी आणि माणुसकीची वागणूक द्यायची व मग वर्गात बसवायचे, अशी ती रीत होती. अमेरिकेने हेतू लपवला, येनानने तो उघड ठेवला. पण एक कट्टरता काढून तिच्या जागी पक्षनिष्ठा बसवणे याला शिक्षण म्हणावे काय, हा प्रश्न त्या तुलनेतूनच नीट विचारता आला असता. प्रश्नोत्तरांना जेमतेम दहा मिनिटे ठेवल्याने तो श्रोत्यांनाही विचारता आला नाही.

दुसऱ्या महायुद्धाचे वाचन असणाऱ्यांनी पुढील वर्गाला जरूर जावे; आयोजकांनी येनानसाठी स्वतंत्र सत्र ठेवल्यास जादा शंभर रुपये द्यायला माझी हरकत नाही.