शोधगंगा: विद्यापीठाबाहेरच्या वाचकाचा काही महिन्यांचा अनुभव

गेले काही महिने मी शोधगंगा, म्हणजे भारतातल्या विद्यापीठांतले प्रबंध खुले ठेवणारं संकेतस्थळ, जवळजवळ रोज वापरते आहे. मी सोलापूर जिल्ह्यातल्या एका माध्यमिक शाळेत मराठी शिकवते. पीएच.डी. करत नाही आणि कुठल्याही विद्यापीठाचं ओळखपत्र माझ्याकडे नाही. आमच्या भागातल्या जात्यावरच्या ओव्या गोळा करायचं काम हाती घेतलं आहे. त्या आधी कुणी गोळा केल्या, कुठल्या गावात, कुणाच्या तोंडून, हे पाहिल्याशिवाय पुढे जाणं मला पटत नव्हतं. अशी माहिती असते ती विद्यापीठांत सादर झालेल्या प्रबंधांमध्ये, आणि त्यांतले फार थोडे पुस्तक म्हणून छापले जातात. मी लिहिते आहे ते माझ्यासारख्यांसाठी, म्हणजे शिक्षक, तालुक्याच्या गावचे पत्रकार, गावाचा इतिहास लिहू पाहणारी माणसं, अशांसाठी.

पूर्वी प्रबंध वाचणं म्हणजे काय होतं ते ज्यांनी केलंय त्यांना ठाऊक आहे. काही वर्षांपूर्वी एका विद्यापीठाच्या ग्रंथालयात मी एक प्रबंध बघायला गेले होते. मुख्याध्यापकांचं पत्र नेलं होतं, तर विभागप्रमुखांचं पत्र लागेल म्हणाले. विभागप्रमुख रजेवर होते. पुढच्या खेपेला प्रबंध मिळाला. काळं रेक्झीन, वर सोनेरी अक्षरं. तो तिथेच बसून वाचायचा, झेरॉक्स काढायची नाही, पाचच्या आत परत करायचा. मी जमेल तेवढं वहीत उतरवून घेतलं आणि एस.टी. पकडली. ज्या प्रबंधात आमच्याच तालुक्यातल्या बायकांची गाणी होती, तो त्या तालुक्यातल्या कुणाला सहजासहजी बघता येत नव्हता.

हे बदललं ते एका नियमामुळे. विद्यापीठ अनुदान आयोगाने २००९ साली एम.फिल. आणि पीएच.डी.ची नियमावली काढली आणि मान्य झालेल्या प्रबंधाची इलेक्ट्रॉनिक प्रत जमा करणं बंधनकारक केलं. २०१६ च्या नियमावलीत तर पदवी जाहीर करण्याच्या आधीच ही प्रत इन्फ्लिबनेटकडे गेली पाहिजे असं घातलं. इन्फ्लिबनेट ही अनुदान आयोगाचीच संस्था, आज गांधीनगरला आहे. पण १९९१ मध्ये ती सुरू झाली ती पुण्याच्या आयुका या खगोलशास्त्राच्या केंद्राच्या छत्राखाली एक प्रकल्प म्हणून, आणि १९९६ मध्ये स्वतंत्र झाली. शोधगंगा तिचीच. ती डीस्पेस नावाच्या मुक्त सॉफ्टवेअरवर चालते. हे सॉफ्टवेअर अमेरिकेतल्या एमआयटीच्या ग्रंथालयाने ह्यूलेट-पॅकार्ड कंपनीबरोबर तयार करून २००२ मध्ये सगळ्यांना खुलं केलं. नव्या प्रबंधांबरोबर कित्येक विद्यापीठांनी जुनेही स्कॅन करून चढवले आहेत, त्यामुळे टंकलेखन यंत्रावर बडवलेली पानंसुद्धा तिथे दिसतात. आज तिथे काही लाख प्रबंध आहेत. खातं उघडावं लागत नाही, पैसे पडत नाहीत, कोण आहात म्हणून कुणी विचारत नाही. माझ्या दृष्टीने हीच यातली सगळ्यात मोठी गोष्ट.

आता प्रत्यक्ष वापराबद्दल.

एका प्रबंधाचं पान उघडलं की वर शीर्षक, संशोधक, मार्गदर्शक, विद्यापीठ, विषयशब्द आणि तारीख असते. खाली फाइलींचा तक्ता. अख्खा प्रबंध एका फाइलमध्ये मिळत नाही, तुकडे असतात: ०१_टायटल, ०२_सर्टिफिकेट अशी सुरुवात, मग प्रकरणं, आणि शेवटी बहुतेक वेळा ८०_रेकमेंडेशन नावाची फाइल. नव्या माणसाला ही ८० क्रमांकाची फाइल कशाची ते कळत नाही. तिच्यात साधारणपणे शीर्षकपान आणि शेवटचा निष्कर्षाचा भाग असतो. मी सगळ्यात आधी तीच उघडते. दहा-पंधरा पानांत कळतं की हा प्रबंध आपल्या कामाचा आहे की नाही. मोबाइलवर, मोजून डेटा वापरणाऱ्यांना तर हे तुकडे सोयीचेच पडतात. हवं तेवढंच उतरवून घ्यायचं.

शोधण्याचा भाग मात्र शिकावा लागतो. मराठी प्रबंधांची शीर्षकं कित्येक नोंदींत रोमन लिपीत आहेत, काहींत देवनागरीत, काहींत इंग्रजी भाषांतर करून. रोमनमध्ये 'जात्यावरच्या' हा शब्द चार जण चार तऱ्हांनी लिहितात. कुणी 'आ'साठी दोन ए घालतं, कुणी एक, कुणी 'व'ला व्ही लावतं तर कुणी डब्ल्यू. म्हणून एकाच शब्दावर थांबून 'काही नाही' असं म्हणू नये. लिपी बदला, स्पेलिंग बदला, 'ओवी'ऐवजी 'लोकगीत', 'स्त्रीगीत', 'लोकसाहित्य' टाका, मग जिल्ह्याचं नाव टाका. आणि एक चांगला प्रबंध हाती लागला की त्याच्या मार्गदर्शकांच्या नावाने शोधा. एकाच मार्गदर्शकाकडे एकाच विषयाचे, शेजारशेजारच्या तालुक्यांवरचे चार-पाच विद्यार्थी काम करून गेलेले असतात. मला उपयोगी पडलेलं निम्मं साहित्य याच वाटेने मिळालं.

दुसरी गोष्ट विद्यापीठांच्या फाळणीची. सोलापूर विद्यापीठ २००४ चं. त्याआधी आमचा जिल्हा कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाकडे होता, तेव्हा सोलापूरच्या लोकगीतांवरचं जुनं काम कोल्हापूरच्या नावाखाली शोधायचं. नांदेडचं स्वामी रामानंद तीर्थ विद्यापीठ १९९४ मध्ये झालं, त्याच्या आधीचं नांदेड-लातूर-परभणी मराठवाडा विद्यापीठात. जळगाव-धुळ्याचं १९९० च्या आधीचं पुणे विद्यापीठात, आणि चंद्रपूर-गडचिरोलीचं २०११ च्या आधीचं नागपूरला. संकेतस्थळावर विद्यापीठानुसार यादी आहे, पण हा भूगोल वाचकाने स्वतः डोक्यात ठेवावा लागतो. जुन्या ग्रंथपालांना तो पाठ असायचा.

आता सगळ्यात अवघड जागा. इंग्रजी प्रबंधाची पीडीएफ उघडली, शब्द टाकला, की तो कुठल्या पानावर आहे ते लगेच दिसतं. मराठी प्रबंधात बऱ्याचदा असं होत नाही. कारण आपले प्रबंध कित्येक वर्षं डी.टी.पी.वाल्यांकडे श्रीलिपी, कृतिदेव, शिवाजी, सुरेख असल्या फॉन्टांत टाइप झाले. या फॉन्टांत रोमन अक्षरांच्या जागी देवनागरी आकार बसवलेले असतात. कागदावर छापून येतं ते सुंदर मराठी. संगणकाला मात्र ते निरर्थक रोमन अक्षरांची रांग दिसते. मजकूर निवडून दुसरीकडे चिकटवला की ती रांग आपल्यालाही दिसते. स्कॅन केलेल्या जुन्या प्रबंधांत तर अक्षरंच नसतात, नुसतं पानाचं चित्र. युनिकोड म्हणजे सगळ्या संगणकांना कळणारी अक्षरांची एकच पद्धत. देवनागरी त्यात १९९१ पासून आहे, पण प्रबंध टाइप करणाऱ्या दुकानांपर्यंत ते यायला फार वर्षं गेली. त्या काळात लाखो पानं अशी तयार झाली की जी माणसाला वाचता येतात आणि यंत्राला शोधता येत नाहीत. मराठीतल्या संशोधनाचं हे फार मोठं नुकसान आहे आणि ते भरून काढता येण्यासारखं आहे, म्हणून मला त्याचं जास्त वाटतं.

मी यावर करते ते असं: हवी ती पानं गूगल ड्राइव्हवर टाकते आणि गूगल डॉक्समध्ये उघडते. चित्रातली मराठी ते बऱ्यापैकी वाचतं. थोडी थोडी पानं घ्यावीत. छपाई स्वच्छ असेल तर काम छान होतं. 'ऱ्या', रफार आणि अनुस्वार मात्र हाताने तपासावेच लागतात. ओवी बोलीत असली की यंत्र चुकतं, 'म्हनू'चं 'म्हणू' होऊन बसतं. ओव्यांच्या कामात तो एक 'न' महत्त्वाचा आहे, म्हणून मूळ पान बाजूला उघडं ठेवूनच मी ताडून बघते.

लोकसाहित्यावरचे प्रबंध वाचणाऱ्यांना एक सल्ला. पहिलं प्रकरण लोकसाहित्याच्या व्याख्यांचं, दुसरं जिल्ह्याच्या भूगोलाचं, नद्या, पर्जन्यमान आणि तालुके. ही दोन्ही सोडून थेट परिशिष्टावर जा. सगळे प्रबंध एका जागी खुले झाल्यावर हेही उघड झालं की व्याख्यांची ती प्रकरणं एकमेकांतून कशी जशीच्या तशी उतरली आहेत. दोन प्रबंध शेजारी ठेवले की परिच्छेदच्या परिच्छेद जुळतात. उघड झालं हे चांगलंच झालं. पण त्याच प्रबंधांच्या शेवटी परिशिष्टात खरं सोनं आहे: संशोधकाने उन्हातान्हात फिरून, वाड्यावस्त्यांवर जाऊन लिहून घेतलेल्या शेकडो ओव्या. त्यांतल्या कितीतरी कुठल्याही छापील पुस्तकात नाहीत. त्या गाणाऱ्या बायका आता हयात नसतील, जाती अंगणात उलथी पडली आहेत, आणि गाणं उरलंय ते या परिशिष्टात.

त्याच परिशिष्टात माहिती देणाऱ्या बायकांची नावं असतात. वय, गाव, कधी जातही. कुणाच्या नवऱ्याने टाकल्याचं दुःख, कुणाचा सासुरवास ओवीत आलेला, आणि खाली पूर्ण नाव. ज्या काळी ते लिहून घेतलं त्या काळी ते कपाटात बंद राहणार होतं. आता ते जगभर उघडं आहे आणि त्या बाईला कुणी विचारलेलं नाही. मी माझ्या संग्रहात घेताना खासगी दुःखाच्या ओव्यांखाली फक्त गावाचं नाव लिहायचं ठरवलं आहे. पण ज्यांनी आपली गाणी अभिमानाने दिली त्यांची नावं पुसून टाकणं हाही अन्यायच होईल. या बाबतीत 'पारी'चं, म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया या संकेतस्थळाचं, काम नमुन्यादाखल बघावं. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी हजाराहून जास्त गावांतून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. 'पारी' त्या २०१७ पासून प्रसिद्ध करते आहे, गाणारीचं नाव-गाव मानाने देऊन, आणि जिथे आहे तिथे तिच्या आवाजासकट. शोधगंगेत आवाज नाही. ज्या संशोधकांनी ध्वनिफिती केल्या, त्या फिती कुठे गेल्या याचा प्रबंधात पत्ताच नसतो.

शब्द अडला की मी शिकागो विद्यापीठाच्या डिजिटल साउथ एशिया लायब्ररीकडे जाते. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची १८५७ ची दुसरी आवृत्ती आणि दाते-कर्वे यांचा १९३२ ते १९५० या काळात निघालेला महाराष्ट्र शब्दकोश, दोन्ही तिथे देवनागरीत शब्द टाकून शोधता येतात आणि छापील पानाचा क्रमांकही मिळतो. शिकागोला मराठी इतकी का, असं मला वाटायचं. एक कारण म्हणजे गहू. अमेरिकेने पाठवलेल्या धान्याची किंमत भारताने रुपयांत चुकती केली, आणि त्यातल्या काही रुपयांतून १९६२ पासून भारतीय भाषांतली पुस्तकं तिकडच्या विद्यापीठांसाठी विकत घेतली गेली. त्या ग्रंथालयांनी ती जपली, नोंदवली, आणि शिकागोने तर आपले कोश अक्षर अन् अक्षर टाइप करून जगाला खुले केले. मराठी मजकूर नीट अक्षरांत आणला तर काय होऊ शकतं हे बघायला दाते कोशात एखादा बोलीतला शब्द टाकून पाहावा.

सगळ्या भिंती पडलेल्या नाहीत. संशोधनाची नियतकालिकं वाचायला मिळावीत म्हणून केंद्राची 'एक राष्ट्र, एक वर्गणी' ही योजना १ जानेवारी २०२५ पासून सुरू आहे. तीन वर्षांसाठी ६००० कोटी रुपये, सुमारे १३००० नियतकालिकं, आणि कामकाज इन्फ्लिबनेटकडेच. पण ती संस्थांसाठी आहे. सरकारी विद्यापीठात वा महाविद्यालयात असाल तर मिळेल. शाळेतल्या शिक्षिकेला नाही. कुठल्याशा परदेशी नियतकालिकात ओव्यांवर लेख आहे हे मला दिसतं, सारांश वाचता येतो, पुढे दार बंद. म्हणून प्रबंध खुले ठेवण्याचा तो निर्णय मला इतका मोलाचा वाटतो. एका संस्थेने घेतलेल्या त्या निर्णयामुळे माझं काम घरी बसून, शाळा सुटल्यावर होतं आहे.

ज्यांचा मराठी प्रबंध येत्या वर्षात जमा व्हायचा आहे त्यांना एवढंच सांगायचं आहे. युनिकोडमध्येच टाइप करा, डी.टी.पी.वाला नको म्हणाला तर दुसरा बघा. शीर्षक नोंदीत देवनागरीत येईल हे ग्रंथालयात स्वतः बसून बघा. विषयशब्दांत गावांची आणि तालुक्यांची नावं घाला, कारण माझ्यासारखी माणसं तिथूनच शोधायला लागतात. परिशिष्टाची फाइल वेगळी द्या आणि तिचं नाव 'परिशिष्ट' असंच ठेवा. आणि ध्वनिमुद्रण केलं असेल तर ते कुणाकडे ठेवलंय, ही एक ओळ प्रस्तावनेत लिहा.