काळभस्म (मंद प्रत): टिकवायला नको, तापवायला घ्या

मंद प्रतीचं काळभस्म कुपीसोबतच्या पत्रकात 'पदार्थ ताजे ठेवणारं' म्हणून खपवलं जातं. ते खोटं नाही, पण अर्धंच खरं आहे, आणि उरलेल्या अर्ध्यात हात भाजतो. भस्माची रेघ जमिनीवर गोल फिरून पूर्ण बंद झाली, म्हणजे कडं झालं, की आत एक पळ सरेपर्यंत बाहेर एक घटिका उलटते. पळ २४ सेकंदांचं, घटिका २४ मिनिटांची. म्हणजे आतला काळ साठपट मंद. इथवर पत्रक बरोबर आहे. उष्णतेबद्दल मात्र त्यात अवाक्षर नाही.

खोलीच्या भिंती, छत, आपलं अंग, सगळंच सतत ऊब फेकत असतं. बाहेर घटिकाभरात कड्यावर पडणारी ऊब आत एका पळात येऊन आदळते. शिवाय आतल्या मंद घड्याळाच्या हिशेबाने प्रकाशलहरींची कंपनंही साठपट होतात. भिंतीची साधी ऊब आत अतिनील होऊन पोचते आणि दिवसाचा उजेड क्ष-किरणांच्या उंबरठ्यावर जातो. आतली वस्तू स्वतःची ऊब बाहेर टाकते ती मात्र मंद गतीनेच. आवक भरमसाट, जावक नाममात्र. लिटरभर दूध कड्यात ठेवलं तर बाहेरच्या आठ-दहा पळांत, म्हणजे तीन-चार मिनिटांत उकळतं. त्याचं वय तेवढ्यात तीन-चार सेकंदांनीच वाढलेलं असतं, त्यामुळे ते नासलेलं नसतं; फक्त भांड्यात उरलेलं नसतं. जिवंत काहीही आत ठेवू नये, रोपसुद्धा नाही.

पत्रक म्हणतं, भांड्यावर चकचकीत झाकण ठेवा. हा सल्ला निरुपयोगी आहे. झाकण कड्याच्या आत गेलं की त्याच्यावर अतिनील पडतं, आणि चांदी डोळ्यांना दिसणारा उजेड उत्तम परतवत असली तरी अतिनील शोषून घेते. झाकण कड्याच्या बाहेर, स्वतंत्र पायांवर उभं हवं, आणि त्याची आतली बाजू आरशासारखी घासलेली हवी. काजळी धरलेलं झाकण नसल्यातच जमा. चांगल्या झाकणाने ऊब साधारण तिसाव्या हिश्शावर येते आणि दूध चार-पाच घटिका तग धरतं. एवढ्यासाठी काळाशी खेळ करायचा?

हाच दोष मुशीच्या, म्हणजे धातू वितळवायच्या भांड्याच्या, कामात गुण ठरतो. चांदी ९६२ अंशांना वितळते, सोनं १०६४ अंशांना, आणि भट्टीतून काढलेली मूस हवेत बघता बघता थिजायला लागते. मूस विटेवर ठेवून भोवती कडं बंद केलं की धातू घटिकाभर पातळ राहतो, साचा जुळवायला निवांत वेळ मिळतो. या कामाला मंद प्रत अप्रतिम आहे. फक्त बंद तोंडाचं भांडं आणि काच आत नको. कडं लाकडावर किंवा फरशीवरही नको. अग्निरोधक वीटच हवी.

प्रमाण: एक वीत व्यासाच्या कड्याला एक गुंज, म्हणजे अंदाजे १२० मिलिग्रॅम. सोबतचा हाडाचा चमचा नेमका गुंजेचा आहे, ही या कुपीची जमेची बाजू. व्यास दुप्पट केला तर भस्म दुप्पट लागतं, कारण आपण परीघ भरतो, क्षेत्रफळ नाही. इथे हमखास चूक होते. लोक चौपट घालतात आणि रेघ जाड होते. जाड रेघेचा मधला भाग मेलेला राहतो, दोन्ही कडा मात्र वेगवेगळी कडी म्हणून चालतात. मग साठ गुणिले साठ: बाहेर घटिका, आत विपळ, म्हणजे पळाचा साठावा हिस्सा. अशा दुहेरी कड्यात मूस क्षणात पांढरी पडते. रेघ गव्हाच्या दाण्याहून रुंद नको.

कडं चालू आहे की नाही हे नुसतं बघून कळत नाही. आत गेलेला उजेड परतताना पूर्वपदावर येतो, त्यामुळे वस्तू नेहमीसारखीच दिसते. खूण आवाजाची. खालच्या सुराची घंटी वाजती ठेवून रेघ पुरी करा. आवाज साठपट खाली उतरून कानाच्या टप्प्याबाहेर जातो. घंटी अजून ऐकू येत असेल तर रेघेत फट आहे. बहुतेक वेळा भस्म ओल लागून गोळा झालेलं असतं.

कडं चालू असताना हात आत घालू नये. बोटांतलं रक्त साठपट मंद झालेलं, मागून हृदय मात्र नेहमीच्या जोराने रेटतंय. शिरा सीमेवरच फुटतात. आधी लांब लाकडी काडीने पलीकडच्या बाजूची दोन बोटं रुंदीची रेघ पुसा, वाफ निघू द्या, मग चिमटा. फुंकर कधीच मारू नका.

यावरून प्रतीचा प्रश्न येतो. 'वारितर' म्हणून मिरवणारी, पाण्यावर तरंगणारी बारीक प्रत दिसायला देखणी असते. पण पाच मायक्रॉनखालचे कण श्वासाबरोबर फुप्फुसाच्या तळापर्यंत जातात, आणि तिथे त्यांचं एखादं सूक्ष्म कडं जुळलं तर उपाय नाही. भरड प्रत घ्या, तोंडाला मुखपट्टी बांधा. बोटांच्या रेषांत भस्म भरतं का, ही वैद्यांची रेखापूर्ण चाचणी या मालावर करणं म्हणजे वेडेपणा.

शीघ्र प्रतीचं, म्हणजे आतला काळ साठपट वेगवान करणाऱ्या भस्माचं, उलट. आतली वस्तू साठपट वेगाने ऊब गमावते, त्यामुळे लवकर लागेल म्हणून ठेवलेलं दही गोठून बसतं. कामाची नाही.

सर्वांत मोठी त्रुटी कुपीत आहे. बूड गोल आहे आणि बूच सैल. सांडलेलं भस्म बुडाभोवती साचतं, फळीवर आपोआप बंद कडं तयार होतं, आणि कुपी आपल्याच भस्माने तापून फळी करपवते. कुपी तीन पायांच्या तिवईवर ठेवा, बूच लाखेने बंद करा, आणि फळी पुसताना फडकं गोल फिरवू नका, सरळ ओढा.