मागचे ब्रेक पॅड घरी बदलले : पावसाळा उलटल्यानंतरचा अनुभव

स्कोडा लॉरा भारतात विकली जाणे २०१३ साली थांबले, परंतु छत्रपती संभाजीनगरजवळच्या (तेव्हाचे औरंगाबाद) शेंद्रा येथील कारखान्यात जुळणी झालेल्या या गाड्या पुण्या-नाशकाच्या रस्त्यांवर अजूनही दिसतात, आणि त्यांतली एक माझ्याकडे आहे. गेल्या उन्हाळ्याच्या अखेरीस तिच्या मागच्या दोन्ही चाकांचे ब्रेक पॅड मी सोसायटीच्या पार्किंगमध्ये स्वतः बदलले. त्यानंतर पूर्ण पावसाळा, ताम्हिणी घाटातून कोकणात जाणे-येणे आणि पुण्यातली रोजची रहदारी एवढे सगळे त्या पॅडांनी पाहिले आहे. नवे पॅड बसवल्या दिवशी सगळेच चांगले वाटतात. काम नीट झाले होते की नाही हे काही महिन्यांनी चाक पुन्हा उघडल्यावरच कळते. ते मी नुकतेच उघडून पाहिले, म्हणून हा अनुभव आता लिहीत आहे.

आपल्याकडच्या बहुतेक लहान गाड्यांना मागे ड्रम असतात, त्यामुळे घरी काम करणाऱ्याचा हात पुढच्या डिस्कवर (चाकाबरोबर फिरणाऱ्या ब्रेकच्या चकतीवर) बसलेला असतो. पुढचा पॅड बदलणे तसे सरळ आहे : कॅलिपर (पॅड डिस्कवर दाबून धरणारा भाग) उघडायचा, त्यातला पिस्टन क्लॅम्पने आत दाबायचा, पॅड बसवायचे. मागे हीच रीत वापरली तर कॅलिपर कायमचा बिघडू शकतो. लॉरासारख्या गाडीत पायाचा ब्रेक आणि हातब्रेक एकाच कॅलिपरमधून काम करतात. पिस्टनच्या आत आट्यांचा एक दांडा असतो आणि पॅड झिजत जातो तसा त्या आट्यांवरून पिस्टन आपोआप पुढे सरकून राहतो. असा पिस्टन नुसता दाबून मागे जात नाही. दाब देत देत तो घड्याळाच्या काट्याच्या दिशेने फिरवावा लागतो. जोर लावून क्लॅम्पने ढकलला तर आतली ती यंत्रणाच मोडते आणि दोन-अडीच हजारांचे काम नव्या कॅलिपरवर जाते.

यासाठी पिस्टन फिरवण्याचा संच वेगळा मिळतो. मी घेतलेला स्वस्तातला होता, साधारण पॅडांच्याच किमतीचा. त्यात एक आट्यांचा दांडा, मागे टेकवायची पट्टी आणि पिस्टनच्या तोंडावरच्या खाचांत बसणाऱ्या चकत्या असतात. काही गाड्यांचा पिस्टन उलट दिशेने फिरतो, त्यांच्यासाठी डाव्या आट्यांचा दुसरा दांडाही दिलेला असतो. लॉराच्या दोन्ही बाजूंना उजव्या आट्यांचाच लागतो. संचाविषयी माझे मत मध्यम आहे. लोखंड मऊ आहे, एका चकतीची टोके पहिल्याच कामात किंचित वाकली, आणि दांड्याला घरचे ग्रीस लावल्याशिवाय तो नीट फिरत नव्हता. तरीही त्याच्यावाचून हे काम करू नये. पक्कडीने पिस्टन फिरवणारे मिस्त्री मी पाहिले आहेत. पक्कड एकदा सटकली की पिस्टनभोवतीचे रबर फाटते, आणि फाटलेल्या रबरातून पहिल्या पावसात पाणी आत जाते.

पिस्टन फिरवताना त्या रबराकडे सतत पाहत राहावे. फिरणाऱ्या पिस्टनबरोबर रबराची घडी पिळली जाऊ लागते, पिळलेल्या कापडासारख्या तिरप्या चुण्या दिसतात. त्या दिसल्या की थांबावे, बोटाने घडी सोडवावी, पिस्टनच्या कडेला ब्रेकसाठीचे रबर ग्रीस थोडे लावावे आणि मग पुढे जावे. माझ्या डाव्या कॅलिपरला हे बऱ्याच वेळा करावे लागले, उजव्याला जवळजवळ नाहीच. काही जपानी गाड्यांत पॅडच्या पाठीवर एक खुंटी असते आणि पिस्टनची खाच तिच्याशी जुळवून थांबवावी लागते; लॉरात ती भानगड नाही.

पिस्टन फिरवण्याआधी बोनेट उघडून ब्रेक ऑइलची टाकी पाहणे आवश्यक आहे. पॅड झिजतात तशी टाकीतली पातळी खाली येते आणि पिस्टन मागे घेतला की तीच पातळी वर चढते. मागच्या सर्व्हिसिंगमध्ये कोणीतरी पातळी कमी दिसली म्हणून टाकी काठोकाठ भरून ठेवली होती. मी सिरिंजने थोडे ऑइल काढून घेतले नसते तर ते बाहेर सांडून रंग उतरला असता, कारण हे ऑइल गाडीचा रंग सोलून काढते. काढलेले ऑइल परत ओतू नये, कारण ते हवेतले पाणी शोषते. डॉट ४ प्रतीच्या नव्या ऑइलचा उत्कलनबिंदू किमान २३० अंश सेल्सिअस असावा लागतो, पाणी मुरल्यानंतरच्या चाचणीत तो १५५ अंशांपर्यंत उतरलेला चालतो. घाट उतरताना पेडल मऊ पडण्याचे एक कारण या दोन आकड्यांमध्येच आहे, आणि दर दोन वर्षांनी ऑइल बदलायचे तेही त्याचसाठी.

चाक काढण्याविषयी थोडक्यात सांगतो. हातब्रेक पूर्ण खाली असला पाहिजे, नाहीतर पिस्टन फिरणारच नाही. म्हणून गाडी सपाट जागेवर, पहिल्या गिअरमध्ये आणि पुढच्या चाकांना दोन्ही बाजूंनी दगड लावून उभी करावी. गाडी पुढच्या चाकांवर चालणारी असल्यामुळे गिअर पुढची चाके धरून ठेवतो. नुसत्या जॅकवर भरवसा ठेवून काम करू नये, खाली जॅक स्टँड हवेतच. जर्मन धाटणीच्या या गाड्यांना चाकाला नटांऐवजी बोल्ट असतात, त्यामुळे परत बसवताना जड अलॉय चाक एका हाताने तोलून भोक जुळवावे लागते. एका जुन्या बोल्टचे डोके कापून केलेली खुंटी हबमध्ये आधी फिरवून ठेवली तर चाक तिच्यावर लटकते आणि कंबर वाचते.

आता या कामाचा खरा गाभा. कॅलिपर दोन सरक-पिनांवर डावी-उजवीकडे हलतो. पिस्टन आतल्या पॅडला ढकलतो आणि कॅलिपर सरकून बाहेरच्या पॅडला ओढून घेतो. पिन कोरडी पडली की कॅलिपर सरकत नाही आणि सगळा भार आतल्या पॅडवर येतो. माझ्या डाव्या चाकाचा बाहेरचा पॅड पाहिला असता तर कोणीही ‘अजून वर्षभर चालेल’ असे म्हणाले असते, कारण त्यावर पाच मिलिमीटरच्या आसपास मसाला शिल्लक होता. आतल्या पॅडवर जेमतेम दोन होता. चाकाच्या आऱ्यांमधून टॉर्च मारून दिसतो तो बाहेरचाच पॅड, आणि लॉरात पॅड संपल्याचा इशारा देणारी तार पुढच्या चाकाला आहे, मागे नाही. वर्कशॉपमध्ये मला ‘मागचे ठीक आहेत’ असे सांगण्यात आले होते ते बहुधा याच टॉर्चच्या आधारावर.

म्हणून पॅड बदलण्याला जितका वेळ लागला त्याच्या तिप्पट मी साफसफाईला दिला. पिना काढून पुसल्या, रबरी कोषांत सिलिकॉन ग्रीस भरले, आणि बोटाने ढकलल्यावर पिन सहज आत जाऊन स्वतःच किंचित मागे येते इतपत सैल केली. साधे चेसिसचे ग्रीस येथे चालत नाही. खनिज तेलाने ब्रेकचे रबर फुगते आणि पिन आणखीच अडकते. पॅडची दोन्ही टोके ज्या खोबणीत बसतात तिथला गंज वायर ब्रशने काढून स्टीलच्या नव्या क्लिपा लावल्या. धूळ फुंकून उडवू नये, ती छातीत जाते. ब्रेक क्लीनर मारून ओल्या फडक्याने टिपावी आणि नाकाला मास्क लावावा. कॅलिपर काढल्यावर तो ब्रेकच्या पाइपवर लोंबकळत ठेवू नये, तारेने स्प्रिंगला बांधून ठेवावा.

डिस्क मी बदलली नाही. माझी डिस्क भरीव आहे, नवी असताना १० मिलिमीटर आणि किमान मर्यादा ८. व्हर्नियरने (जाडी मोजण्याच्या साधनाने) मोजल्यावर नऊच्या वरच भरली. मोजताना कडेला उरलेल्या गंजाच्या ओठाच्या आत मोजावे, नाहीतर आकडा फसवा येतो. प्रत्येक गाडीची मर्यादा वेगळी असते आणि बहुधा डिस्कवरच कोरलेली असते. कॅलिपरचे १३ मिलिमीटर डोक्याचे बोल्ट सोडवताना सरक-पिन १५ च्या पातळ पान्याने धरून ठेवावी लागते, जाड पाना त्या फटीत शिरतच नाही. हे बोल्ट एकदाच वापरायचे असतात. नवे बोल्ट ३५ न्यूटन मीटरला आवळले, चाकाचे बोल्ट १२० ला. टॉर्क पाना (ठरलेल्या जोराने आवळणारा) नसेल तर उसना आणावा. ‘हाताचा अंदाज’ ब्रेकला लावू नये.

सगळे बसवून झाल्यावर गाडी सुरू करून लगेच निघणे धोक्याचे असते, कारण पहिल्या दाबाला पेडल थेट तळाला जाते. ते घट्ट होईपर्यंत दाबावे, त्यानंतर हातब्रेक काही वेळा ओढून सोडावा, म्हणजे आतली आट्यांची यंत्रणा आपले अंतर पकडते. पुढे, नवे पॅड डिस्कशी जुळावेत म्हणून, मोकळ्या रस्त्यावर ताशी साठवरून वीसपर्यंत वेग मध्यम दाबाने उतरवायचा, गाडी पूर्ण थांबवायची नाही, मध्ये डिस्कला वारा लागू द्यायचा, आणि हे आठ-दहा वेळा करायचे. पहिले दोन-तीनशे किलोमीटर मी घाटाकडे फिरकलो नाही.

आता वापराविषयी. पॅड युरोपीय कंपनीचे, मूळ सुट्या भागांच्या तोडीचे म्हणून विकले जाणारे होते. पेडलचा स्पर्श पहिल्या आठवड्यात किंचित लाकडी वाटला, नंतर सुधारला. धूळ मात्र जुन्या पॅडांपेक्षा स्पष्टपणे जास्त पडते. पांढऱ्या अलॉयवर काळपट थर बसतो आणि नुसत्या पाण्याने तो जात नाही. सकाळी गाडी मागे घेताना बारीक किंचाळल्यासारखा आवाज पावसाळाभर येत राहिला आणि थंडी-ऊन सुरू झाल्यावर जवळजवळ नाहीसा झाला. कामात दोष नसल्याची खात्री असल्यामुळे मी त्याच्याकडे दुर्लक्ष केले, पण ज्यांना आवाज खपत नाही त्यांनी कमी धातूचे पॅड शोधावेत. त्यांची पकड थोडी कमी वाटू शकते, ती तडजोड समजून घ्यावी.

जुलैत गाडी तीन-चार दिवस पावसात उभी राहिली की मागच्या डिस्कवर नारिंगी गंज चढे आणि पहिल्या काही ब्रेकना खरवडल्याचा आवाज येई. मागच्या डिस्कवर भार कमी पडत असल्याने त्या पुढच्यांइतक्या लवकर पुसल्या जात नाहीत. गाडी धुतल्यावर किंवा भर पावसातून आल्यावर पार्किंगमध्ये शिरण्यापूर्वी दोन-तीनदा ब्रेक दाबून डिस्क कोरडी करणे आणि सपाट जागी हातब्रेक न ओढता गिअरमध्ये गाडी ठेवणे, एवढ्याने पॅड डिस्कला चिकटण्याचा त्रास पूर्ण थांबला. उतारावर अर्थात हातब्रेक हवाच. तो आता चार-पाच टिकांत गाडी धरतो, पूर्वी लिव्हर बरीच वर यायची.

ताम्हिणी उतरून माणगावला थांबल्यावर मी मागच्या दोन्ही डिस्कचे तापमान इन्फ्रारेड थर्मामीटरने पाहिले. (कोविडच्या काळात घरोघरी आलेला कपाळाचा थर्मामीटर येथे कामाचा नाही, तो माणसाच्या अंगापुरताच मोजतो.) आकडा किती यापेक्षा डाव्या-उजव्यात फरक किती हे महत्त्वाचे, एक बाजू बरीच तापलेली असेल तर तो कॅलिपर सुटत नाही असे समजावे. माझ्याकडे दोन्ही बाजू जवळपास सारख्या होत्या. घाटात मी गिअरचाच ब्रेक जास्त वापरतो, हेही सांगितले पाहिजे.

परवा चाके उघडून चारही पॅड मोजले. डाव्या बाजूला आतल्या आणि बाहेरच्या पॅडमधला फरक अर्ध्या मिलिमीटरच्या आत आहे, उजव्या बाजूला तो व्हर्नियरवर धड वाचताही येत नाही. याच गाडीत आधी आतला पॅड बाहेरच्याच्या निम्म्याहून कमी उरला होता, हे लक्षात घेता त्या सिलिकॉन ग्रीसच्या छोट्या ट्यूबने महागड्या पॅडांपेक्षा अधिक काम केले असे माझे मत आहे. दुसऱ्या कंपनीचे पॅड घेतले असते तरी मला फार फरक पडला असता असे वाटत नाही.

ज्यांच्या गाडीत हातब्रेकच्या लिव्हरऐवजी बटण आहे, त्यांनी हे वाचून थेट पाना हाती घेऊ नये. तेथे कॅलिपरवर मोटर बसवलेली असते आणि पिस्टन मागे घेण्यापूर्वी ती सर्व्हिस मोडमध्ये न्यावी लागते. बऱ्याच गाड्यांत त्यासाठी स्कॅनर लागतो. ब्रेक ऑइल बदलण्याचे काम मीही वर्कशॉपलाच देतो, कारण त्यात हवा राहिली तर चूक रस्त्यावर कळते.

उजव्या कॅलिपरच्या खालच्या पिनेच्या रबरी कोषाला या तपासणीत एक बारीक चीर दिसली. ग्रीस अजून स्वच्छ आहे, पाणी शिरलेले नाही, पण कोष आणि पिना यांचा दुरुस्ती संच मागवला आहे आणि तो मे महिन्याच्या आत बसवेन.