नाईट की पर डे?

राज्य नाट्य स्पर्धेत बक्षीस मिळालं की नागपूरचा नट हमखास विचारतो, "भाऊ, आता मुंबईला जाऊ का?" नायक व्हायचं असेल तर मी काय सांगू? पण मामा, हवालदार, सरपंच, हेडमास्तर असली कामं करणाऱ्या चरित्र अभिनेत्याचा हिशोब वेगळा असतो.

मालिकेत पर डे, म्हणजे कामाच्या एका दिवसाचा दर ठरतो. महिन्यात किती दिवस लागतील हे मात्र आपल्या हातात नसतं. ट्रॅक, म्हणजे कथेतला त्याचा धागा संपला की मामा गावाला जातो आणि पुष्कळदा परत येतच नाही. पैसे साधारण 90 दिवसांनी येतात, तेही 10 टक्के टीडीएस आणि काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचं कमिशन वजा जाऊन. खोलीचं भाडं तोवर थांबत नाही. एका मालिकेचे शेवटच्या चार दिवसांचे पैसे मला आजवर मिळालेले नाहीत.

झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भातल्या गावोगावच्या नाटकांत नाईट मिळते, एका रात्रीच्या प्रयोगाचे पैसे. दिवाळी झाली की गडचिरोली जिल्ह्यातल्या वडश्याच्या नाटक कंपन्या निघतात. गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदियाच्या गावांत मंडईच्या जत्रेत आणि शंकरपटाच्या, म्हणजे बैलांच्या शर्यतीच्या रात्री नाटक पहाटेपर्यंत चालतं. याच रंगभूमीच्या परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली. हंगाम काही महिन्यांत आटोपतो, मग उरलेलं वर्ष दुसऱ्या कामावर काढावं लागतं.

शिवाय झाडीपट्टीनं आवाज मोठा होतो आणि कॅमेऱ्याला तो नको असतो. माझ्या पहिल्या मालिकेत मुलगा गेल्याची बातमी ऐकायचा सीन होता. मी छातीवर हात नेला, मान मागे टाकली. दिग्दर्शक जवळ येऊन हळूच म्हणाला, "काका, क्लोज आहे. फक्त कप खाली ठेवा." मी ठेवला. बशी जराशी वाजली. तोच टेक ओके झाला. वीस वर्षांच्या रंगमंचानं मला हे शिकवलं नव्हतं.

सिनेमा अधूनमधून आपल्या दारी येतो. 2014 च्या 'कोर्ट'मधले नारायण कांबळे म्हणजे आपल्या नागपूरचे कार्यकर्ते वीरा साथीदार. 'झुंड'मध्ये तर इथलीच पोरं होती. पण अशा कामांवर घर चालत नाही. अमरावतीचे भारत गणेशपुरे वऱ्हाडी बोलीच्या बळावर घराघरांत पोचले, पण त्यासाठी मुंबई गाठावीच लागली.

माझं मत विचाराल तर पंचविशीत मामाच्या कामासाठी मुंबईत बसून राहू नका. चरित्र अभिनेत्याचं वय हेच भांडवल, ते तेव्हा साठलेलंच नसतं. तीन-चार हंगाम झाडीपट्टी करा, इथल्या शूटिंगला दोन वाक्यांचं कामही सोडू नका आणि सेल्फ टेप, म्हणजे घरीच चित्रित केलेली ऑडिशन पाठवत राहा. चाळिशीत काम ठरलं, सहा महिन्यांचं भाडं गाठीशी असलं आणि राहण्याचा खर्च कोण करणार हे लेखी मिळालं, तर खुशाल मुंबईच्या दुरांतोत बसा.

आणि मे महिन्यात टेप काढाल तेव्हा कूलर बंद ठेवा. घाम दिसला तर दिसू द्या. कूलरच्या घरघरीत वाक्याचा शेवट ऐकू येत नाही, आणि पाहणारा दुसऱ्यांदा ऐकत नाही.