मुलाखत समोरून, की आवाज वेगळा?

नवी मुंबईतल्या दिवाळे गावच्या कोळीवाड्यावर फिल्म करताना पहिला प्रश्न हाच पडला: तिथल्या मावशींना कॅमेऱ्यासमोर बसवून बोलतं करायचं, की आवाज वेगळा घेऊन चित्रांवर सोडायचा?

समोरच्या मुलाखतीचं बळ मोठं. कोण बोलतंय ते दिसतं. नवी मुंबई वसवायला 1970 साली सिडको स्थापन झाली. त्यानंतरच्या भूसंपादनाबद्दल बोलताना चेहऱ्यावर जे उमटतं, त्याला पर्याय नाही. एडिटिंगही सोपं. पण लाइट लागला, पदराला माइक अडकवला, की मावशी एकदम सभेत बोलल्यासारखं बोलतात.

दुसऱ्या वाटेवर फक्त रेकॉर्डर. जवळा निवडत बसलेल्या मावशींशेजारी तो ठेवला, कॅमेरा घरीच. तासाभराने त्या मोकळ्या झाल्या. नवऱ्याची होडी पहाटे कशी निघायची, ते थांबत थांबत आलं. मध्येच सुपात जवळा सरकल्याची सळसळ. दुसऱ्या दिवशी ओहोटीला चिखल, रुतलेली होडी आणि मागे बेलापूरच्या इमारती शूट केल्या. आवाज आणि चित्र एकमेकांना समजावत बसत नाहीत, मधली जागा प्रेक्षक भरतो. धोका एकच, पण मोठा: देखण्या चिखलाच्या नादात माणूस हरवतो. म्हणून एडिट केलेला आवाज मावशींना आधी ऐकवला, मगच वापरला.

मी दुसरी वाट धरली. जमिनीचा भाग तेवढा समोरून घेतला, तोही जवळा निवडतानाच. आणि हो, बोलणं संपल्यावर त्याच जागेची मिनिटभर शांतता रेकॉर्ड करून ठेवा. ती नसेल तर प्रत्येक कट कानाला टोचतो.