व्हिएतनाममधल्या सापाच्या भातखाचरांत चार सिस्टर

नखं निळी दिसली आणि माझा हात आपोआप तिच्या मनगटावर गेला. ३४ वर्षं महापालिकेच्या हॉस्पिटलात काढली आहेत. निळं नख दिसलं की आधी ऑक्सिजन, नाव-गाव नंतर. नाडी लागली ७६, ठणठणीत. बाई हसायला लागली आणि तिने दुसराही हात पुढे केला. तोही निळा, बोटांच्या चिरांत जास्त गडद. नीळ! घरच्या पिंपात कापड बुडवून, पिळून, वाळवून, परत बुडवायचं. महिनाभर हेच चालू असतं म्हणाली, रंग जाणार कुठे?

ही आमची गाइड. व्हिएतनामच्या उत्तरेला, चीनच्या सीमेलगत लाओ काय प्रांतात सापा नावाचं थंड हवेचं गाव आहे. तिथल्या डोंगरातली ही ह्मोंग समाजातली बाई. तिच्याबरोबर आम्ही एक दिवस भाताच्या खाचरांतून आणि तीन गावांतून चाललो, त्याबद्दल लिहिते आहे. मुंबईहून व्हिएतनामला जाणारे हल्ली इतके वाढलेत की आमच्या भांडुपच्या सोसायटीतलीच तीन कुटुंबं जाऊन आली. पण सापाला जाऊन ही चाल कोणीच केली नव्हती. सगळ्यांनी केबल कारचे फोटो दाखवले.

आम्ही चौघी, पुढेमागे रिटायर झालेल्या नर्सेस. भांडुप, मुलुंड, लालबाग आणि बदलापूर. चौघींचे मिळून आठ गुडघे, त्यातला एक बदललेला. पाच दिवसांचे गणपती गावाला बोळवून आल्यावर निघालो, कारण त्याआधी कोकणातली बाई कुठे हलत नाही. दादरच्या एका टूरवाल्याचं पॅकेज होतं. त्यात ‘आदिवासी गावाला भेट’ असं छापलेलं, ती भेट निघाली कॅट कॅट गावाची. सापाच्या बाजारातून चालत जाता येईल इतकं जवळ. तिकीट काढा, पायऱ्या उतरा, भाड्याचे भरजरी पोशाख घालून फोटो काढा. गावातली खरी माणसं कुठल्या घरात राहतात ते शेवटपर्यंत कळलं नाही. लालबागची सिस्टर म्हणाली, “ह्यापेक्षा आपली जत्रा बरी, निदान भजी तरी मिळतात.”

दुसऱ्या दिवशी मंडळी फान्सिपानला जाणार होती. व्हिएतनामचं सर्वांत उंच शिखर, ३,१४७ मीटर, आणि २०१६ पासून जवळजवळ वरपर्यंत केबल कार. आम्ही तो दिवस सोडला आणि स्वतंत्र ट्रेक ठरवला. सापात ह्मोंग बायकांनी स्वतः चालवलेल्या ट्रेकच्या संस्था आहेत, तिथे. माणशी साडेआठ लाख. घाबरू नका, डाँग! एका रुपयाला साधारण ३०० डाँग पडतात, म्हणजे तीन हजारांच्या आत. त्यात गाइड, जेवण आणि परतीची गाडी. पैशांवरून एक सांगते. २०,००० ची आणि ५,००,००० ची नोट, दोन्ही निळसर आणि दोन्हींवर हो ची मिन्ह. बदलापूरच्या सिस्टरने पाण्याच्या बाटलीला मोठी नोट दिली होती. बाटलीवाली प्रामाणिक निघाली, मागे धावत आली.

सापा गाव सुमारे १,५०० मीटरवर आहे, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या माथ्यापेक्षा थोडंसंच खाली. तिथून मुओंग होआ खोऱ्यात उतरायचं. यी लिन हो, मग लाओ चाय, मग ता वान. १२ किलोमीटर. हॉटेलवाल्याने ‘लाइट वॉक’ म्हटलं होतं, त्याच्यावर जाऊ नका. रात्री पाऊस झाला होता आणि लाल माती अशी काही निसरडी झालेली की माझे दीड हजाराचे स्पोर्ट्स शूज पहिल्या उतारालाच हरले. गाइडने सकाळीच गमबूट भाड्याने घ्यायला सांगितलं होतं, मी ऐकलं नाही. तुम्ही ऐका. ती स्वतः प्लॅस्टिकच्या चपलेत चालत होती.

निघताना आम्ही पाच जणी होतो. वीस मिनिटांनी पाहिलं तर नऊ. पाठीवर टोपल्या घेतलेल्या चार ह्मोंग बायका न बोलावता बरोबर चालायला लागल्या होत्या. “सिस्टर! सिस्टर!” मागून हाक आली आणि आम्ही चौघी एकदम वळलो, जसं काही बेड नंबर बारा बोलावतोय. सगळ्या परदेशी बायकांना त्या ‘सिस्टर’ म्हणतात हे कळल्यावर बदलापूरची तिथेच चिखलात बसून हसत होती. मी गाइडला सांगितलं की आम्ही खऱ्याच सिस्टर आहोत, दवाखान्यातल्या. तिने ते बाकीच्यांना त्यांच्या भाषेत सांगितलं. पुढचा दिवसभर मला एकीचं दुखरं मनगट, दुसरीच्या सासूचा खोकला आणि तिसरीच्या मुलाची खरूज बघावी लागली. रिटायरमेंट कसली डोंबलाची.

ह्या बायका हात धरतात. गरज असो-नसो. माझ्या वाट्याला आलेली जेमतेम पाच फूट, पण बांधावरून तोल गेला तेव्हा तिने माझे ७१ किलो एका हाताने सावरले. दुसऱ्या हाताने ती धागा वळत होती. चालता चालता, न बघता. कसला धागा विचारलं तर गाइडने रानात वाढलेलं एक झाड दाखवलं. मुलुंडची सिस्टर ओळखून म्हणाली, “अगं, ही तर भांग!” तीच. त्यांच्याकडे पूर्वापार तिच्या देठाच्या सालीचा धागा काढतात, मागावर विणतात, मेणाने नक्षी काढतात आणि निळीत बुडवतात. मेण असतं तिथे रंग चढत नाही.

आता भाताकडे येते, कारण मी आले होते त्याच्यासाठी. माझं माहेर संगमेश्वर तालुक्यातलं. बाराव्या वर्षापासून मी लावणीत उभी राहिले आहे, तेव्हा डोंगरउताराचे कुणगे, म्हणजे भाताचे छोटे तुकडे, काय असतात हे मला कोणी फोटोत दाखवायची गरज नाही. पण इथला उतार पाहून मी गप्प झाले. आपल्याकडे जिथे वरकस, म्हणजे हलकी जमीन, म्हणून नाचणी-वरी टाकून सोडून देतात, तसल्या चढावर ह्यांचं भात. काही कुणगे इतके अरुंद की बैलजोडी वळणार नाही, एक रेडा जेमतेम फिरतो. मेरा, म्हणजे बांध, मातीच्या, आपल्यासारखा दगडी गडगा फारसा दिसला नाही. वरच्या ओढ्याचं पाणी बांबूच्या पन्हळीने पहिल्या कुणग्यात घेतात. तिथून मेरेला तोंड पाडून दुसऱ्यात, मग तिसऱ्यात, असं उतरत खाली नदीपर्यंत. वरच्याने तोंड बंद केलं तर खालच्याचं भात वाळणार. मी गाइडला विचारलं, भांडणं होत नाहीत? ती म्हणाली, “होतात की.” एवढंच. मला फार बरं वाटलं. इतक्या लांब येऊन आपल्याच वाडीत आल्यासारखं.

तिकडे भाताचं पीक एकच. मे-जूनमध्ये लावणी, सप्टेंबरात कापणी. थंडी कडक असल्यामुळे आपल्या वायंगणासारखं दुसरं पीक होत नाही. आम्ही गेलो तेव्हा खालची खाचरं पिवळी आणि वरची अजून हिरवट, काही ठिकाणी कापणी चालू. भारा घरी नेऊन झोडत नाहीत. शेतातच लाकडाची मोठी पेटी ठेवायची आणि तिच्या आतल्या अंगावर पेंढी आपटायची, दाणे पेटीतच पडतात. मी म्हटलं, द्या इकडे. चार पेंढ्या झोडल्या. खांदा तीन दिवस दुखला, पण माझी आपटण्याची पद्धत बरोबर होती हे त्या नवरा-बायकोने मान हलवून कबूल केलं.

लाओ चायच्या अलीकडे बसलो असताना गाइडने विचारलं, तुमचं भात कसं दिसतं? फोनमध्ये होते गणपतीचे फोटो. घर, अंगण, आरती. तिने गणपतीकडे बघितलंच नाही. बोटांनी फोटो मोठा करत करत ती अंगणामागच्या उतारावर गेली. तिथे आमचे कुणगे आहेत, तिने लगेच ओळखले. “इथे भात का नाही? गवत का?” मी सांगितलं, भाऊ मुंबईत आहे, दुसरा भाऊ विरारला आहे, पुतणे पुण्यात. “पाणी नाही?” पाणी आहे. मग तिने फोन परत दिला. पुढे थोडा वेळ कोणी काही बोललं नाही.

जेवण. लाओ चायला एका घरवजा खानावळीत. लालबागची सिस्टर माळकरी आहे, आणि व्हिएतनाममध्ये माळ सांभाळणं सोपं नाही. भाजीतसुद्धा माशाच्या अर्काचे चार थेंब असतात. शाकाहाराला त्यांच्या भाषेत ‘चाय’ म्हणतात, ‘आन चाय’ म्हणजे शाकाहारी जेवण. हे आम्हाला आधी माहीत नव्हतं. ती बिचारी थकून बसली आणि मुंबईच्या सवयीने म्हणाली, “चाय, चाय मिलेगा?” बाईने मान डोलावली आणि टोमॅटोच्या रश्शातला टोफू, परतलेला कोबी आणि भात आणून ठेवला. चहा शेवटपर्यंत आला नाही, पण दहा दिवसांत तिला पोटभर जेवण मिळालं ते ह्या एका चुकीमुळे. आम्हा तिघींना डुकराचं मटण होतं, मिठाचं प्रमाण आपल्यापेक्षा कमी. सोबत जवळ्याची चटणी नेली होती. गाइडने चाखली आणि उरलेली बाटली टोपलीत टाकली.

जेवण झालं आणि टोपल्या उघडल्या. इथेच बहुतेक लोक चिडतात, मुलुंडची सिस्टरही चिडली. “सिस्टर, यू बाय फ्रॉम मी.” पाकिटं, पर्सेस, उशांचे अभ्रे, बांगड्या. तीन तास हात धरून आणलेल्या बाईला नाही कसं म्हणायचं? हिशेब सरळ आहे. ती आपल्याबरोबर फुकट चाललेली नाही, आणि आपणही ते पहिल्या हातालाच ओळखायला हवं. घ्यायचं नसेल तर सुरुवातीलाच हात सोडवून घ्या, हसून. घ्यायचं असेल तर हात धरलेलीकडूनच घ्या, दुसरीकडून घेतलं तर खरंच रुसतात. आणि सगळं काही हातचं नसतं. बाजारातल्या मशीनच्या वस्तूही टोपलीत असतात. ओळखायची खूण गाइडने सांगितली, ओलं बोट घासून बघा. नीळ बोटाला लागली तर घरची. मी घासलं, लागली, पर्स घेतली.

लहान मुलांकडून मात्र घेऊ नका. सापात तशा पाट्याही आहेत. पाठीवर तान्हं बांधलेली नऊ-दहा वर्षांची पोर धागे विकायला उभी असते. पोटात कालवतं, पण विक्री चांगली झाली की उद्या शाळेऐवजी ती इथेच उभी राहते, असं गाइड म्हणाली. तिची स्वतःची शाळा अशीच सुटली होती. इंग्रजी ती पर्यटकांकडून ऐकून शिकली, लिहिता येत नाही. आमच्या दोघींचं इंग्रजी साधारण एकाच इयत्तेतलं, म्हणून छान जमलं.

लाओ चायला ह्मोंग घरात नेलं. जमीन मातीची, छप्पर बुटकं, मध्ये चूल, वर माळ्याला मक्याची कणसं टांगलेली. धुराने सगळं काळं. खाली नदीकाठी ता वान, तिथे झाय लोक. व्हिएतनाममध्ये सरकारदरबारी ५४ समाज नोंदलेले आहेत, त्यांतले हे दोन, भाषा एकमेकींना कळत नाहीत. ता वानबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. वाट सिमेंटची, दोन्ही बाजूंना होमस्टे, कॉफीच्या पाट्या, मोटरसायकली. निघताना सापाच्या बाजूलाही बांधकामाचे ट्रक आणि धूळ होती. जाहिरातीतल्या फोटोंत हा भाग कापलेला असतो. मधले सहा-सात किलोमीटर खरे.

जायचं असेल तर: हनोईहून सापाला स्लीपर बस पाच-सहा तासांत नेते. चढताना चपला काढून पिशवीत घ्यायला लावतात, मोजे फाटके नकोत. पाण्याने भरलेली खाचरं बघायची तर मे-जून, पिवळी बघायची तर सप्टेंबरचा पूर्वार्ध. पण पावसाळ्यात हवामान बघूनच निघा. २०२४ च्या सप्टेंबरात यागी वादळाच्या वेळी ह्याच प्रांतात दरडी कोसळून गावंच्या गावं गेली. गुडघा बदललेला असेल तर दोन काठ्या न्या. आमच्या बदलापूरच्या सिस्टरने पूर्ण केलं, शेवटचा तासभर शिव्या देत.

पाचपैकी चार तारे. एक कापला तो जेवणाच्या ठिकाणच्या संडासासाठी. कडी नव्हती, एकीने बाहेर दार धरून उभं राहायचं. मुलुंडची सिस्टर म्हणते दोन काप. पर्स तिनेही घेतली आहे, आणि तिची पर्स तिच्या मिस्टरांच्या पांढऱ्या बनियनांबरोबर मशीनमध्ये गेली.